समुद्राची खोली वहीत लिहिणारा माणूस

भोकरात बसून समुद्रावर काय लिहायलाय, असं काहीजण म्हणतील. नंदीग्राम एक्स्प्रेसमध्ये रात्र काढल्याशिवाय आपल्याला समुद्र दिसत नाही. तरी लिहितो, कारण गोष्ट शेवटी आपल्या विहिरीपाशीच येते.

१५३८ साली जुआंव द कास्त्रो हा पोर्तुगीज दर्यावर्दी गोव्यात आला. वर्षअखेरीस दिवकडे निघालेल्या आरमारासोबत तो कोकण किनाऱ्यानं गेला. मोहीम लढाईची, पण या गड्यानं वही उघडली. कुठं पाणी किती खोल, खडक कुठं, भरती कधी, नांगर कुठं टाकावा, सगळं लिहिलं. दाभोळसारख्या बंदरांची चित्रं काढली. घारापुरी, कान्हेरीची लेणी पाहून तीही नोंदवली.

वसईजवळ होकायंत्राची सुई भलतीकडंच वळली. दुसऱ्यानं यंत्र बिघडलं म्हणून सोडून दिलं असतं. यानं ती गडबड जशीच्या तशी लिहिली आणि कारण शोधलं: जवळच्या खडकांचा परिणाम. तोफ जवळ असली तरी सुई हलते, हेही त्यानं प्रवासात टिपलं होतं.

लिस्बन ते गोवा, गोवा ते दिव आणि १५४१ चा तांबडा समुद्र, अशी त्याची तीन मार्गदर्शक पुस्तकं. पुढं तो गोव्याचा गव्हर्नर झाला, १५४८ ला तिथंच वारला. गोवा-दिवचं पुस्तक छापलं गेलं थेट १८४३ ला, पोर्तुगालमधल्या पोर्तो शहरात.

आता मुद्दा. हे पाणी आपल्या कोळी-खारव्यांना तोंडपाठ होतं. पण ते तोंडीच राहिलं. म्हणून त्या काळचा आपला किनारा बघायला आज पोर्तुगीज वही उघडावी लागते.

आणि लिहायला समुद्राकाठीच राहावं लागतं असंही नाही. भारताचे सागरी नकाशे तयार करणारं कार्यालय आहे डेहराडूनला, डोंगराच्या पायथ्याशी!

आपल्याकडं कुठली विहीर किती परस, कोणत्या दुष्काळात आटली, तळ्यात गाळ किती, हे म्हाताऱ्या माणसांना ठाऊक आहे. मीही कमी पडलो. इतकी वर्षं पाणीटंचाईच्या बातम्या केल्या, पण दरवेळी ‘ग्रामस्थ सांगतात’ एवढ्यावरच भागवलं. आकडा टिपला नाही.

तर मंडळी, या आठवड्यात घरच्या जाणत्या माणसाजवळ वही घेऊन बसा. विहीर, खोली, साल लिहा. आकड्याची खात्री नसेल तर शेजारी तसंही लिहा. पण लिहा. माणूस गेल्यावर कुणाला विचारणार?