श्रोता आणि त्याची भाषा

वाङ्मयाचा विचार करतांना आपण बहुधा लेखकापासून आरंभ करतों. त्याचें कुळ, त्याचें अध्ययन, त्याचा काळ व त्याचा स्वभाव यांवरून त्याची भाषा अशी कां झाली हें ठरविण्याची आपली रीत आहे. ही रीत चुकीची नाहीं. पण अपुरी आहे. पत्र लिहिणाऱ्याच्या डोळ्यांपुढें पत्र वाचणारा असतो, पुराणिकापुढें सभा असते, आणि कर्जाचें खत लिहिणाऱ्याच्या मनांत उद्यांचा न्यायाधीश असतो. या दुसऱ्या मनुष्याचें नांव वाङ्मयाच्या इतिहासांत क्वचितच येतें. परंतु शब्दांची निवड, वाक्याची लांबी आणि बोलण्याचा सूर यांवर त्याचा अंमल लेखकाच्या विद्वत्तेपेक्षांही अधिक चालतो, असें आमचें मत आहे. या मताची परीक्षा एका लहानशा मुलखांत पाहावी असें आम्हीं योजिलें आहे. नीरा व भीमा या नद्यांच्या बेचक्यांतले बारामती व इंदापूर हे पुणें जिल्ह्याचे दोन तालुके त्या कामास सोईचे आहेत. कारण एकाच भूमींत, एकाच मराठीनें, निरनिराळ्या कानांसाठीं किती निरनिराळीं रूपें घेतलीं हें तेथें स्पष्ट दिसतें.

प्रथम सतराव्या शतकांतील दप्तर पाहूं. पुणें, सुपें व इंदापूर हे परगणे शहाजी राजांच्या मोकाशांत होते. त्या काळच्या मराठी सनदापत्रांचा मायना ‘अज रख्तखाने’ अशा शब्दांनीं सुरू होतो, व पुढें ‘बजानेब कारकुनानि हाल व इस्तकबाल’ येतें. म्हणजे हें पत्र आज कामावर असलेल्या कारकुनांस आहे, तसेंच उद्यां त्या जागेवर येणाऱ्यांसही आहे. अखेरीस ‘तालीक’, म्हणजे नक्कल, ठेवून घेऊन मूळ कागद धन्याकडे परत देण्याची आज्ञा आणि ‘मोर्तब सूद’. आजच्या वाचकास ही भाषा परकी वाटते, आणि मराठीवर फारसीनें केलेलें आक्रमण म्हणून तो तिच्याकडे पाहतो. पण हा कागद कोणाच्या कानासाठीं आहे हें विचारलें म्हणजे तिचें मर्म उलगडतें. अजून नेमला न गेलेला, नांवगांव ठाऊक नसलेला, कदाचित् दुसऱ्याच सत्तेचा कारकून हा तिचा श्रोता होय. अशा श्रोत्याशीं घरगुती बोलीनें बोलतां येत नाहीं. ज्या ठराविक शब्दांचा अर्थ प्रत्येक कचेरींत एकच होईल, तेच शब्द तेथें उपयोगी. म्हणून त्या मायन्यांत हौस नाहीं, विद्वत्ताही नाहीं; सावधगिरी आहे. त्याच कागदांत अर्जदाराची हकीकत सांगण्याची वेळ आली म्हणजे वाक्य पुष्कळदां साध्या मराठीवर उतरतें. आणि गोतसभेपुढें झालेल्या महजरांत गांवचे साक्षीदार बोलूं लागले म्हणजे तर शेत, बांध, विहीर आणि भाऊबंद यांचीच भाषा ऐकूं येते.

इतिहासाचार्य राजवाडे यांनीं १६२८, १६७७ व १७२८ या सालांतील पत्रें घेऊन फारसी शब्दांचें प्रमाण काढलें होतें. पहिल्यांत तें शेंकडा सुमारें ८५, दुसऱ्यांत ३७ व तिसऱ्यांत ६ भरलें. या शंभर वर्षांत मराठी माणसाची जीभ पालटली असें कोणी म्हणणार नाहीं. पालटलें तें दरबाराचें आसन. कागद वाचून हुकूम करणारा आतां मराठीचा अभिमान धरणारा राजा होता. शिवाजी महाराजांच्या आज्ञेनें झालेल्या राजव्यवहारकोशांत सुमारें १,४०० यावनी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले गेले, तेही या नव्या श्रोत्याच्या इच्छेनेंच.

आतां बारामतीकडे वळूं. तेथें कऱ्हेच्या तीरीं मोरोपंतांनीं आपल्या आयुष्याचीं सुमारें चाळीस वर्षें काढलीं. त्यांचा जन्म १७२९ सालीं पन्हाळ्यास झाला. संस्कृत विद्येचा पाया तेथेंच घातला गेला. आणि पुढें बाबूजी नाईक बारामतीकर यांच्या आश्रयास येऊन १७९४ मध्यें देह ठेवीपर्यंत बारामती हेंच त्यांचें गांव झालें. हे नाईक सामान्य गृहस्थ नव्हते. पेशव्यांस कर्ज देणारे ते सावकार, पेशव्यांच्या घराण्याचे सोयरे, आणि १७४० सालीं पेशवाईच्या वस्त्रांसाठीं नानासाहेबांविरुद्ध ज्यांचें नांव पुढें आलें ते मातबर पुरुष होते. अशा वाड्यांत पुराणास बसणारी मंडळी कोण असेल याची कल्पना करणें अवघड नाहीं. शास्त्री, भिक्षुक, कारकून, घरच्या वडील स्त्रिया. महाभारताची कथा लहानपणापासून ऐकलेली, कर्णाचें पुढें काय होणार हें आधींच ठाऊक असलेली अशी ती सभा.

मोरोपंतांवर भाषेच्या काठिण्याचा आरोप जुना आहे. त्यांचे समास लांब, यमकें ओढून आणलेलीं, शब्द कोशांतले, असें म्हटलें जातें. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनीं निबंधमालेंत त्यांची बाजू घेतली, तरी वाद मिटला नाहीं. आम्हांस वाटतें कीं, या वादांत दोन्ही पक्षांनीं कवीचीच उलटतपासणी केली. श्रोत्यास साक्षीस बोलाविलें नाहीं. ज्यास कथा ठाऊक नाहीं त्याला कथा सांगावी लागते. ज्यास ठाऊक आहे त्याला ती कशी सांगितली हें हवें असतें. श्रीधरस्वामी नाझरेकर व मोरोपंत यांच्यांतला भेद येथें आहे. श्रीधरांनीं १७२९ सालीं, म्हणजे पंतांच्या जन्मवर्षींच, देह ठेवला. त्यांचा पांडवप्रताप हा घरोघर सोप्या ओवींत वाचला जाणारा ग्रंथ. त्याच्या श्रोत्यास पुढें काय झालें याची उत्कंठा आहे, म्हणून ओवी पाण्यासारखी वाहते. पंतांच्या आर्याभारताच्या श्रोत्यास ती उत्कंठा नाहीं. त्याला सबंध प्रसंग सुमारें सतरा हजार पद्यांच्या माळेंतील एका मण्यांत कोंडलेला पाहावयाचा आहे.

आर्येची रचनाही कानासाठींच आहे. पंतांच्या ज्या पद्यांस आपण आर्या म्हणतों तीं बहुतेक गीति छंदाचीं आहेत. प्रत्येक अर्धांत तीस मात्रा, बारावर विसावा, मग अठरा, आणि दोन्ही अर्धांच्या शेवटीं यमक. कीर्तनकार पहिला अर्ध संथपणें म्हणतो व क्षणभर थांबतो. त्या क्षणांत श्रोता यमकाचा अंदाज बांधीत असतो. दुसऱ्या अर्धानें तो अंदाज खरा तरी होतो किंवा सुखद रीतीनें चुकतो. छापील पानावर ज्या यमकाचा कंटाळा येतो, तेंच यमक सभेंत श्रोत्यास कवितेचा भागीदार करितें. ओठांनीं उच्चारावयाचें एकही अक्षर न घेतां रचलेलें निरोष्ठ रामायण डोळ्यांनीं वाचणाऱ्यास पोरखेळ वाटेल. शेजारीं बसून म्हणणाऱ्याचे ओठ मिटतात कीं काय हें पाहणाऱ्या रसिकाची गोष्ट वेगळी. पंतांचें काठिण्य हा नुसता त्यांच्या पांडित्याचा हट्ट नव्हता. तो त्यांच्या सभेच्या आवडीचा आरसा होता.

याचा पुरावा पंतांच्याच इतर रचनेंत आहे. स्त्रियांनीं म्हणावें म्हणून त्यांनीं सीतागीत, सावित्रीगीत अशीं गीतें रचलीं. तींत तोच कवि समास बाजूस ठेवतो, वाक्य लहान करितो, आणि सीतेचें दुःख जात्यावर किंवा पाळण्यापाशीं बसलेल्या बाईस सांगावें तसें सांगतो. ज्यास सोपें लिहितांच येत नव्हतें त्याच्या हातून हें घडलें नसतें. उतारवयांत लिहिलेल्या केकावलींत तर श्रोता याहूनही निराळा आहे. केका म्हणजे मोराची आरोळी. मयूर मेघास हांक मारतो तसा हा कवि देवास हांक मारतो. पृथ्वीसारखें भारदस्त वृत्त आहे, संस्कृत शब्दही आहेत. पण सुराची घडी पार मोडली आहे. तेथें प्रश्न आहेत, आर्जव आहे, रुसवा आहे, क्वचित् देवालाच कोंडींत पकडण्याची वकिली आहे. सभेस ऐकविण्याची भाषा ही नव्हे. सर्व जाणणाऱ्यापुढें पांडित्य मिरवून लाभ नाहीं, हें पंतांच्या लेखणीस बरोबर ठाऊक होतें. नाइकांची सभा, घरांतल्या स्त्रिया आणि परमेश्वर, असे हे तीन श्रोते. त्यांच्यामुळें एकाच मोरोपंतांचीं तीन मराठी रूपें झालीं.

येथें एक आक्षेप निघेल. श्रोताच जर भाषा ठरवीत असेल, तर कवि हा नुसता हरकाम्या ठरतो. तसें नाहीं. श्रोता भाषा घडवितो, त्याप्रमाणें समर्थ भाषाही आपला श्रोता घडविते. सोलापूरचा शाहीर राम जोशी (१७६२–१८१२) हें याचें उत्तम उदाहरण. संस्कृतांत मदालसाचंपू लिहिणारा हा पंडित तमाशाच्या फडांत लावण्या गाऊं लागला. बारामतीस पंतांची भेट झाल्यावर तो कीर्तनाकडे वळला, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका बाजूस ठेवली तरी पंतांच्या आर्या कीर्तनांतून गांवोगांव नेण्यांत त्याचा मोठा वांटा आहे. वाड्यांतल्या मोजक्या मंडळींसाठीं घडलेली वाणी देवळाच्या मंडपांत पोंचली, आणि जो समाज एरव्ही तिच्या वाटेस गेला नसता त्यानें तिची गोडी शिकून घेतली. मात्र मधें एक समजावून सांगणारा होता, हें विसरतां कामा नये. कीर्तनकार आर्या म्हणून थांबत नाहीं. तिचा अर्थ समोरच्याच्या बोलींत फोडून सांगतो. कठीण भाषा आणि अजाण श्रोता यांच्यामध्यें त्याचा पूल असतो.

जेथें असा पूल नसतो तेथें काय होतें, हें याच मुलखानें पुढच्या शतकांत पाहिलें. इंग्रजी अमलांत प्रिंगल साहेबांनीं रिकार्डोच्या सिद्धान्ताच्या आधारें जमिनीची आकारणी केली. ती रयतेस पेलली नाहीं, इंदापुरांत शेतें ओस पडलीं, आणि १८३६ सालीं गोल्डस्मिड व विंगेट यांनीं त्याच तालुक्यांत तीस वर्षांची नवी आकारणी सुरू केली. दोन्ही वेळचे अहवाल इंग्रजींत, वरिष्ठ सरकारासाठीं लिहिलेले. त्यांत काळी, तांबडी व बरड हे रयतेचे शब्द शिरले. पण रयत त्या बोलण्याचा विषय होती, श्रोता नव्हती.

याहून वाईट प्रकार कर्जाच्या खतांचा. खतांत ‘लिहून देणार’ म्हणून कुणब्याचें नांव, ‘लिहून घेणार’ म्हणून सावकाराचें. कागदावर कुणबी बोलतो आहे; ‘कारणें लिहून देतों ऐसा जे’ हे त्याचे शब्द म्हणून मांडलेले आहेत. पण त्यांतला एकही शब्द त्याचा नाहीं. भाषा लेखकाची, वळण कायद्याचें, आणि श्रोता दूरच्या दिवाणी कोर्टांतला मुनसफ. ज्याच्या तोंडीं हें सर्व घातलें त्याच्या वांट्यास खालची नांगराची निशाणी तेवढी उरली. १८५९ सालच्या मुदतीच्या कायद्यानें साध्या खताची मुदत तीन वर्षांवर आणल्यावर खतें वारंवार नवीं होऊं लागलीं, व्याज मुदलांत मिळूं लागलें, आणि आपण काय बोललों म्हणून कागद सांगतो हें कुणब्यास कळेनासें झालें.

१२ मे १८७५ रोजीं बारामतीजवळच्या सुपें गांवीं, बाजारच्या दिवशीं, हा कोंडमारा फुटला. तेथून पुणें व अहमदनगर जिल्ह्यांत दंगे पसरले. दंगेखोरांचा रोख बहुतेक ठिकाणीं सावकाराच्या जिवावर नव्हता. त्यांना हवीं होतीं खतें व रोखे, आणि तीं हातीं येतांच त्यांनीं जाळलीं. या दंग्यास अडाण्यांचा कागदावरील राग म्हणून हंसणें सोपें आहे. आम्हांस त्यांत निराळें दिसतें. आपल्या नांवानें बोलणारी, पण आपल्याशीं न बोलणारी भाषा त्यांनीं जाळली. सरकारासही ही गोष्ट अंशतः उमगली. चौकशीसाठीं आयोग बसला, आणि १८७९ सालच्या दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कायद्यानें अशीं खतें ग्रामनिबंधकापुढें लिहविलीं जावींत अशी तरतूद केली. ऋणकोस मजकूर कळल्यावांचून त्याची निशाणी घेतली जाऊं नये, हा तिचा आशय. कीर्तनकाराचें काम कायद्यानें एका नोकराकडे सोंपविलें, असें म्हटल्यास तें फारसें चूक होणार नाहीं.

भाषा कठीण असणें हा दोष नव्हे, व सोपी असणें हा गुण नव्हे. शहाजी राजांच्या कारकुनाची फारसी, पंतांची संस्कृत आणि सीतागीतांतली घरगुती मराठी या तिन्ही आपापल्या जागीं प्रामाणिक आहेत. कारण त्या ज्याच्याशीं बोलतात त्यालाच उद्देशून बोलतात. खताची भाषा अप्रामाणिक होती, ती तिच्यांतील अवघड शब्दांमुळें नव्हे. समोर बसलेल्या माणसाकडे तोंड करून ती पाठीमागच्या तिसऱ्याशीं बोलत होती. आजही कर्जाच्या छापील करारावर आपण न वाचतां सही करतों, तेव्हां नांगराच्या निशाणीपासून आपण फार दूर आलों आहों असें समजण्याचें कारण नाहीं. आणि आम्ही शिक्षकवर्ग विद्यार्थ्यांसाठीं म्हणून जीं पुस्तकें लिहितों त्यांचा खरा श्रोता विद्यार्थी असतो कीं आमचे सहव्यवसायी, हेंही एकदां तपासून पाहण्यासारखें आहे. कोणताही मजकूर हातीं आला कीं तो कोणीं लिहिला हें विचारण्याची संवय आपणांस आहेच. तो कोणाच्या कानासाठीं लिहिला, आणि तो कान समोर होता कीं नव्हता, हा दुसरा प्रश्नही आपण त्याबरोबर विचारावा.