सोंगाड्याचा शब्द

मराठी रंगभूमीचा इतिहास आम्ही सुशिक्षित लोक १८४३ सालीं सांगलीस झालेल्या विष्णुदास भावे यांच्या ‘सीतास्वयंवरा’पासून मोजूं लागतों. हा आरंभ सोयीचा खरा. पण तमाशाच्या बोर्डावर उभ्या राहणाऱ्या सोंगाड्यास त्यांत जागा सांपडत नाहीं. ही उणीव केवढी आहे, हें कळण्यास एका दादू इंदुरीकरांचें उदाहरण पुरे आहे.

पुणें जिल्ह्यांत तळेगांव दाभाड्याजवळ इंदुरी हें गांव आहे. गजानन सरोदे हे या गांवावरूनच दादू इंदुरीकर म्हणून ओळखले गेले. हरिभाऊ वडगांवकर यांचा ‘गाढवाचं लग्न’ हा वग त्यांनीं गाजविला. शापानें गाढव झालेला गंधर्व, राजकन्येशीं व्हावयाचें त्याचें लग्न, आणि या खटाटोपांत सांपडलेला सावळ्या कुंभार, एवढेंच कथानक. सावळ्या दादूंचा, त्याची बायको गंगी प्रभा शिवणेकरांची.

गण, गौळण आणि बतावणी झाल्यावर वग उभा राहतो. त्यांतील पदें तेवढीं आधीं बांधलेलीं असावीं व संवाद नटांनीं उभ्याउभ्या रचावे, अशी जुनी वहिवाट होती. दादूंच्या वगास लेखक लाभला, तरी ही वहिवाट त्यांनीं सोडली नाहीं. समोरच्या प्रेक्षकांचा रंग पाहून ते वाक्य लांबवीत, तोडीत, नवेंच घालीत.

१९५० नंतरच्या दशकांत मुंबई राज्यांत प्रयोगाची संहिता आधीं तपासून घेण्याची व्यवस्था झाली. तमाशांतील अश्लीलता जावी, हा हेतु कोणासही समजण्यासारखा होता. परंतु ज्याचें निम्में बोलणें आजचा प्रेक्षक पाहून सुचावयाचें, त्यानें तें काल कागदावर कसें दाखवावें? नियमाचें गृहीतक आणि इतिहासकाराचें गृहीतक येथें एकच ठरतें: जें लिहिलें तेंच खरें.

दादूंस १९७३ सालीं संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. १९८० सालीं ते निवर्तले. वगाची संहिता उरली, नवे सावळे उभे राहिले. पण त्या त्या रात्रीं सुचलेला जबाब त्या रात्रींबरोबरच गेला. कवीचा शब्द पोथींत राहतो, गायकाचा सूर शिष्याच्या गळ्यांत राहतो. सोंगाड्याचा शब्द केवळ ऐकणाऱ्याच्या आठवणींत राहतो.

म्हणून तो प्रेक्षक हाच या इतिहासाचा साधनग्रंथ होय. ज्यांनीं जाणत्या वयांत दादूंचा सावळ्या पाहिला, ते आज सत्तरीच्या आसपास किंवा पलीकडे आहेत. असे कोणी वडीलधारे आपल्या घरीं असतील, तर त्यांस एके संध्याकाळीं जवळ बसवून विचारावें आणि ते सांगतील तें टिपून ठेवावें, अशी आमची वाचकांस विनंती आहे. हा ग्रंथ दुसऱ्यांदा छापला जात नाहीं.