१ मे १९६० आणि सेवायोजन कार्यालयाचे कार्ड

१ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले. त्याच दिवशी देशात एक केंद्रीय कायदाही अमलात आला, ज्याचा वर्धापनदिन कोणी साजरा करत नाही: सेवायोजन कार्यालयांना रिक्त पदे कळवणे सक्तीचे करणारा १९५९ चा कायदा.

ही कार्यालये मुळात १९४५ साली, महायुद्धावरून परतणाऱ्या सैनिकांच्या पुनर्वसनासाठी निघाली. १९४८ मध्ये ती सर्वांना खुली झाली, १९५६ मध्ये त्यांचा दैनंदिन कारभार राज्यांकडे आला.

डोंबिवलीच्या तरुणाला त्यासाठी जिल्ह्याचे ठिकाण, म्हणजे ठाणे, गाठावे लागे. प्रमाणपत्रांच्या प्रती, रांग, शिक्षणानुसार ठरणारा व्यवसायाचा सांकेतिक क्रमांक आणि शेवटी हाती पडणारे ‘एक्स-१०’ कार्ड. मुदतीत नूतनीकरण राहिले की ज्येष्ठता धोक्यात. त्यानंतर वाट पाहायची ती ‘कॉल’ची.

कायद्याची खरी मेख कलम ४ मध्ये होती. २५ किंवा अधिक कर्मचारी असलेल्या खासगी आस्थापनेने रिक्त पद कळवायचे. कार्यालयाने पाठवलेला उमेदवार घेतलाच पाहिजे, असे बंधन मात्र नव्हते. न कळवल्यास पहिल्या गुन्ह्याला दंड फार तर ५०० रुपये! सरकारी भरतीत कार्डाला वजन होते. तेही १९९६ मध्ये घटले: केवळ सेवायोजन कार्यालयाकडून नावे मागवणे पुरेसे नाही, वृत्तपत्रांतूनही जाहिरात द्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले.

याच राज्याने दुसरीकडे कामाचा हक्क प्रत्यक्ष कायद्यात उतरवला होता. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेल्या रोजगार हमीच्या १९७७ च्या कायद्यानुसार ग्रामीण भागात अंगमेहनतीचे काम मागणाऱ्याला १५ दिवसांत काम, नाहीतर बेकारी भत्ता. त्यासाठी १९७५ पासून व्यवसाय कर लागू झाला. लोकलने मुंबई गाठणारा डोंबिवलीचा कारकून तो दरमहा पगारातून भरत आला. दुष्काळी मजुराची निकड मोठी होती, हे निर्विवाद. तरी त्या कारकुनाच्या घरातल्या बेकार पदवीधरासाठी अशी कोणतीही मुदत कायद्याने घातली नाही.

आता नोंदणी ‘महास्वयं’ संकेतस्थळावर होते. ठाण्याची खेप वाचली. २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेने १९५९ चा कायदा पोटात घेतला आणि सेवायोजन कार्यालयाचे ‘करिअर सेंटर’ केले. त्यामार्फतच भरती करण्याचे बंधन त्या संहितेतही मालकावर नाही.