हाताचा हिस्सा

जानेवारी 1959. रामटेकच्या गाडीतून तुम्ही नागपूर स्टेशनवर उतरता. बाहेर संत्र्यांचे ढीग, सायकलरिक्षांच्या घंट्या आणि खादीच्या टोप्यांची झुंबड. काँग्रेसचं अधिवेशन भरलंय. विदर्भ अजून मुंबई राज्यात आहे. महाराष्ट्र व्हायला सव्वा वर्ष बाकी.

सोबत मनसरचे काकाजी. बोटांच्या भेगांत मँगनीजची काळी पूड बसलीय, कितीही घासा, निघत नाही. 1930 च्या दशकातल्या मंदीत खाणी बंद पडल्या तेव्हा त्यांच्या बापानं सब्बल ठेवून दुसऱ्याच्या वावरात मजुरी धरली. आता काकाजीही खाणीतून सुटलेत आणि नावावर वावर नाही.

मंडपात दाटीवाटीनं बसून तुम्ही ठराव ऐकता. शेतकऱ्यांनी जमिनी एकत्र करून सहकारानं कसायच्या. मालकी ज्याची त्याची, उत्पन्नात वाटा जमिनीप्रमाणे. राबणाऱ्याला मात्र, जमीन असो वा नसो, कामाप्रमाणे वाटा. कमाल मर्यादेवरची जमीन पंचायतीकडे जाणार आणि ती भूमिहीनांच्या सहकारी संस्था सांभाळणार. सामायिक शेतीआधी, तीन वर्षांत गावोगाव सेवा सहकारी सोसायट्या.

काकाजी कोपरानं ढोसतात. "म्हंजे आपल्या हातालेबी हिस्सा हाये?"

"हाव जी, हाये."

"मंग पयल्या वर्षी बैल कोनाचा? पीक येईलवरी खाचं काय?"

"सोसायटी कर्ज देईल."

"अन् गावचा सावकारच सोसायटीचा अध्यक्ष झाला त?"

तुमच्याकडे उत्तर नाही. समोर काँग्रेसचेच चरणसिंग नेहरूंच्या देखत ठरावाला विरोध करताहेत: स्वतःच्या तुकड्यावर शेतकरी जीव ओततो, सामायिक शेतीत तो मजूर होईल. तरी ठराव मंजूर होतो.

पुढचं तुम्हाला ठाऊक आहे. या ठरावावरून शेतकरी नेते रंगा काँग्रेस सोडतील, जुने काँग्रेस नेते राजाजी यांच्या पुढाकारानं याच वर्षी स्वतंत्र पक्ष निघेल. महाराष्ट्रात कमाल जमीनधारणेचा कायदा 1961 मध्ये होईल, पण एकत्रित शेतीचा बेत कागदावरच राहील. जमीन जाईल म्हणून धास्तावलेल्यांच्या बाजूनं बोलायला मोठमोठे पुढारी मिळाले. सोसायटी कुणाच्या ताब्यात, हे विचारणाऱ्या काकाजींसाठी पक्ष निघाला नाही. खाण सुटलेल्या माणसाचं पोट मात्र त्याच एका प्रश्नावर अडलं होतं.