पहिली नायिका कोण?

स्मरणिकेसाठी "काहीतरी ऐतिहासिक लिहा" अशी आज्ञा झाली, म्हणून मी एक दिवस गेटजवळच्या बाकावर, आपल्या संध्याकाळच्या बैठकीत, प्रश्न टाकला: आपल्या सिनेमातली पहिली नायिका कोण? कुणी देविकाराणी म्हणालं, कुणी दुर्गा खोटे. अमरावतीत चित्रा चौक, प्रभात चौक, श्याम चौक अशी टॉकीजची नावं रोज तोंडात असणारे आपण, पण कमलाबाईंचं नाव एकालाही आठवलं नाही.

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ ला मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात लागला, हे सगळ्यांना पाठ आहे. त्यातली तारामती म्हणजे अण्णा साळुंके नावाचा, हॉटेलात काम करणारा पोरगा. फाळक्यांनी बाईसाठी जाहिराती दिल्या, नाचगाणं करणाऱ्यांच्या वस्तीतही विचारून पाहिलं. त्याही नाही म्हणाल्या! कॅमेऱ्यापुढे उभं राहणं तेव्हा इतकं वाईट मानलं जाई.

पुढचा चित्रपट 'मोहिनी भस्मासुर' फाळक्यांनी नाशकात केला. त्यात पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला, वय जेमतेम तेराचौदा. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, लेकीला घेऊन नाटक कंपनीबरोबर गावोगाव फिरणाऱ्या. त्या काळी एकट्या बाईला पोट भरायचे मार्ग तरी किती होते? कमला लहानपणापासून स्टेजवर गाणारी, पण मूकपटात गळ्याचा काय उपयोग! नुसता चेहरा आणि हावभाव.

आता गंमत बघा. बायका मिळाल्या म्हणून प्रश्न सुटला नाही. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंकेच! आणि आपल्या अमरावतीच्या वीर वामनराव जोशींचं 'रणदुंदुभि' बळवंत संगीत मंडळीनं १९२७ मध्ये रंगभूमीवर आणलं, तेव्हाही मास्टर दीनानाथ स्त्रीवेशातच गायले. कपाशीचा पैसा हातात आला की नाटक कंपन्या वऱ्हाडात उतरायच्या, असं आमचे आजोबा सांगत. बाईचं काम बाईनं केलेलं त्यांना मात्र पसंत नव्हतं, तेही सांगत!

कमलाबाईंचं लग्न रघुनाथराव गोखल्यांशी झालं. ते आधी स्वतः स्त्री-भूमिका करत. आवाज फुटल्यावर भावाच्या कंपनीत आले आणि तिथे नायिका झाल्या कमलाबाई. संसार फार टिकला नाही. कमलाबाई पंचविशीत असताना रघुनाथराव गेले. दोन मुलं पदरात, तिसरं पोटात. नाटक सोडलं तर खायचं काय? त्यांनी नाटक सोडलं नाही. स्त्रियांच्या मंडळीत पुरुषांचीही कामं केली. मुलांपैकी चंद्रकांत गोखले नट झाले, लालजी आणि सूर्यकांत तबल्याकडे वळले. विक्रम गोखले हे चंद्रकांतांचे चिरंजीव, त्यांना तर आपण सगळेच ओळखतो. कमलाबाई नव्वदी ओलांडून जगल्या. रीना मोहन यांनी उतारवयात त्यांच्यावर माहितीपट केला.

हे वाचताना मला १९८० च्या सुमाराची एक गोष्ट आठवली. अकोला जिल्ह्यातल्या एका शाखेत मी होतो. फिरत्या नाटक कंपनीतली एक बाई शिलाई मशीनसाठी कर्ज मागायला आली. दोन मुलं बरोबर. अर्जात व्यवसायाच्या रकान्यात तिनं स्वच्छ अक्षरात 'नाटकात काम' लिहिलं होतं. नियमित उत्पन्न नाही, असा शेरा मारून मी अर्ज परत केला. नियमाला धरूनच होतं ते. "बरं जी साहेब," म्हणून ती गेली. नाव लक्षात नाही, अक्षर मात्र अजून डोळ्यांपुढे आहे.