ओढणीचा नियम आणि जॉर्डनच्या मुली

३ जून २०११ रोजी जॉर्डनची राजधानी अम्मान येथे इराण आणि जॉर्डनच्या महिला फुटबॉल संघांचा सामना व्हायचा होता. लंडन ऑलिंपिकच्या पात्रता फेरीतला हा सामना. तो सुरू होण्याच्या थोडेसेच आधी अधिकाऱ्यांनी इराणच्या मुलींना थांबवले. कारण काय, तर डोक्यावरचे कापड. खेळ न होताच जॉर्डनला ३-० असा विजय बहाल झाला. या घटनेवर पुष्कळ लिहिले गेले, पण बहुतेक सारे इराणबद्दल. आम्हाला यजमानांबद्दल लिहायचे आहे. ज्यांना हा विजय मिळाला, त्यांच्याही काही हिजाबवाल्या खेळाडू त्या दिवशी बाहेरच बसल्या होत्या.

जॉर्डन म्हणजे आमच्या उर्दू भूगोलातले ‘उर्दुन’. महाराष्ट्राच्या एक तृतीयांशाहूनही लहान, वस्ती आज एक कोटीच्या आसपास. १९९९ पासून तिथल्या फुटबॉल संघटनेची सूत्रे शहजादा अली बिन हुसैन यांच्याकडे आली. २००५ मध्ये अम्मानला पश्चिम आशियाई देशांची पहिली महिला स्पर्धा भरली आणि यजमान जॉर्डनने ती जिंकली. २००७ ची स्पर्धाही त्यांनीच जिंकली. देशांतर्गत लीगमध्ये शबाब अल-उर्दुन, अम्मान क्लब अशी मोजकीच नावे. या मुलींच्या संघात डोके झाकणाऱ्या होत्या आणि न झाकणाऱ्याही. दोघी एकमेकींना पास देत होत्या. आमच्या मते जॉर्डनची खरी कमाई हीच.

लहान देशाच्या लीगचे गणित निर्दय असते. समजा, पाच-सहा क्लब आणि प्रत्येकात वीसेक मुली. म्हणजे साऱ्या देशात शे-सव्वाशे. त्यातून एखाद्या नियमापायी वीस जणी गळाल्या, की एक अख्खा क्लबच गेला म्हणायचे. मोठ्या देशाला हे कळत नाही, कारण तिथे गळालेल्यांची जागा घ्यायला दुसऱ्या उभ्या असतात.

हा नियम आला कुठून? २००७ मध्ये कॅनडातील क्विबेक प्रांतात अकरा वर्षांच्या एका मुलीला पंचांनी ओढणीमुळे मैदानाबाहेर काढले. प्रकरण फुटबॉलचे कायदे ठरवणाऱ्या मंडळापर्यंत गेले आणि मंडळाने पंचांची बाजू उचलून धरली. पुढे गळ्याला फास बसेल, इजा होईल, असेही कारण सांगितले जाऊ लागले. ही भीती अगदीच खोटी होती असे आम्ही म्हणणार नाही. टाचणी लावलेली ओढणी खेळताना धोक्याचीच. पण एका डच डिझायनर बाईंनी ओढल्याबरोबर सुटणारी, टाचणीविना बसणारी खेळाची ओढणी तयार केलेली होती. जो प्रश्न शिवणयंत्रावर सुटण्यासारखा होता, तो बैठकांच्या टेबलावर सात वर्षे पडून राहिला. सात वर्षांत सोळाची मुलगी तेवीसची होते.

शहजादा अली २०११ मध्ये फिफाचे उपाध्यक्ष झाले आणि त्यांनी हा विषय नेटाने लावून धरला. जुलै २०१२ मध्ये चाचणी म्हणून परवानगी मिळाली, १ मार्च २०१४ रोजी ती कायम झाली. कापड काळे किंवा जर्सीच्या मुख्य रंगाचे हवे, जर्सीला जोडलेले नसावे, टोके लोंबकळू नयेत, एवढ्याच अटी. याच निर्णयाने शीख खेळाडूंच्या पगडीलाही वाट मिळाली, हे आपल्याकडे फारसे कुणाच्या ध्यानात नाही.

परवानगी मिळाली म्हणून खेळ आला, असे मात्र झाले नाही. २०१६ मध्ये सतरा वर्षांखालील मुलींचा विश्वचषक जॉर्डनमध्ये भरला. फिफाच्या विश्वचषकात हिजाब घातलेल्या मुली प्रथमच दिसल्या, त्या यजमान संघातल्या. पण जॉर्डन गटातले तिन्ही सामने हरले. २०१८ चा महिला आशिया चषकही तिथेच झाला. पुन्हा तिन्ही हार. स्पेन-जपानच्या मुलींमागे शाळा-क्लबांच्या सामन्यांची वर्षानुवर्षांची रांग असते. ती कुठल्या मंडळाच्या ठरावाने मिळत नाही.

आम्ही शिकवतो त्या वर्गांतून मुली मैदान सोडतात, त्यासाठी फिफाचा नियम लागत नाही. सातवी-आठवीत “आता मोठी झालीस” एवढे एक वाक्य पुरते. एकीकडे ‘कापड काढ, मग खेळ’ म्हणणारे, दुसरीकडे ‘कापड आहे तर खेळतेस कशाला’ म्हणणारे. मुलीला कुणीच विचारत नाही.

सप्टेंबर २०२१ मध्ये ताश्कंदला इराणने जॉर्डनला पेनल्टी शूटआउटमध्ये हरवून आशिया चषक गाठला. त्यानंतर जॉर्डनच्या संघटनेने इराणच्या गोलरक्षक मुलीच्या स्त्री असण्याचीच चौकशी मागितली. इराणने आरोप फेटाळला. मुलींच्या डोक्यावरच्या कापडासाठी भांडलेली हीच संघटना, म्हणून हे आम्हाला अधिक खटकते.

त्याच नोव्हेंबरात अकाबाला आशियाई क्लब स्पर्धेत अम्मान क्लबने आपल्या गोकुलम केरळला २-१ ने हरवले. आणि २० जानेवारी २०२२ ला नवी मुंबईत डी. वाय. पाटील स्टेडियमवर आशिया चषकात इराणने भारताशी ०-० बरोबरी केली. इराणच्या मुलींच्या डोक्यावर कापड होते. त्यासाठी कुणी त्यांना थांबवले नाही. जॉर्डनच्या मुली त्या स्पर्धेत नव्हत्या.