'चिद्विलासवाद' : एका दर्शनाची घडण

ज्ञानदेवांच्या 'अमृतानुभवा'तील तत्त्वविचाराला 'चिद्विलासवाद' म्हणण्याची प्रथा मराठी अभ्यासविश्वात इतकी रुळली आहे की, या नावालाही एक इतिहास आहे याचे भान सहसा राहत नाही. चैतन्य हेच एकमेव सत्य असून दृश्य जग हा त्याचाच विलास आहे, आभास किंवा भ्रम नव्हे, असा या संज्ञेचा आशय सांगितला जातो. मात्र ज्ञानदेवांनी आपल्या भूमिकेला 'वाद' म्हणून असे नाव दिलेले नाही. 'चिद्विलासवाद', 'स्फूर्तिवाद' या संज्ञांना आजचा शास्त्रीय आकार मिळाला तो विसाव्या शतकातील चर्चेतून. म्हणून या दर्शनाचा इतिहास म्हणजे काही अंशी त्याच्या घडणीचा इतिहास होय.

एरिक हॉब्सबॉम आणि टेरेन्स रेंजर यांनी संपादित केलेल्या १९८३ मधील ग्रंथाने 'परंपरेची निर्मिती' ही संकल्पना इतिहासलेखनात प्रचलित केली. पुरातन म्हणून मिरवणाऱ्या अनेक परंपरा वस्तुतः आधुनिक काळात रचल्या गेल्या, हे त्या ग्रंथाचे प्रतिपादन होते. ही संकल्पना दर्शनांच्या इतिहासाला जशीच्या तशी लावता येत नाही. दर्शनांची वर्गवारी करण्याची रीत आपल्याकडे जुनीच आहे. चौदाव्या शतकातील 'सर्वदर्शनसंग्रहा'त प्रत्यभिज्ञादर्शनाला स्वतंत्र स्थान मिळालेले आहे. तथापि प्रत्येक विचारवंताला कोणत्या ना कोणत्या 'वादा'च्या कोष्टकात बसवण्याची निकड आधुनिक विद्यापीठीय अभ्यासाने तीव्र केली, हे नाकारता येणार नाही.

या घडणीला चालना देणारी एक घटना महाराष्ट्राबाहेर घडली. १९११ पासून काश्मीर संस्थानाच्या ग्रंथमालेतून शैवागमांचे ग्रंथ प्रसिद्ध होऊ लागले; 'शिवसूत्रविमर्शिनी' हा तिचा पहिला ग्रंथ होता. 'अमृतानुभवा'च्या तिसऱ्या प्रकरणात ज्ञानालाही बंध ठरवताना शिवसूत्राचा स्पष्ट निर्देश आहे. तो उल्लेख वाचकांना पूर्वीही ठाऊक होता. पण मूळ संहिता मुद्रित स्वरूपात उपलब्ध झाल्यावर त्याला पुराव्याचे वजन आले. ज्ञानदेवांनी सांगितलेल्या नाथगुरुपरंपरेतील मत्स्येंद्रनाथ आणि 'तंत्रालोका'च्या आरंभी अभिनवगुप्ताने वंदिलेला मच्छंद यांची सांगड घालणेही मग सोपे झाले. अशा रीतीने काश्मीर ते गोदातीर अशी एक अखंड वाट आखली गेली.

दुसरा पक्षही तितकाच वंशावळीवर विसंबून होता. भाष्यकारांना वाट विचारत आपण निघालो, असे ज्ञानदेव 'ज्ञानेश्वरी'च्या अखेरीस सांगतात; त्या उद्गाराच्या आधारे त्यांना शांकरमताचे अनुयायी मानले गेले. शं. दा. पेंडसे यांनी 'श्रीज्ञानेश्वरांचे तत्त्वज्ञान' (१९४१) या ग्रंथात ही भूमिका विस्ताराने मांडली. भा. पं. बहिरट यांनी १९५६ च्या आपल्या इंग्रजी ग्रंथात ज्ञानदेवांचे स्वातंत्र्य प्रतिपादून शांकरमतात त्यांचा समावेश करणे अमान्य केले. निष्कर्ष भिन्न असले तरी या वादाने विचारलेला प्रश्न बव्हंशी एकच राहिला: ज्ञानदेव कोणत्या दर्शनाचे?

संहितेकडे वळल्यास हा प्रश्न अपुरा वाटू लागतो. सातव्या प्रकरणातील अज्ञानखंडन हा 'अमृतानुभवा'चा सर्वांत विस्तृत भाग. अज्ञान ज्ञानात राहू शकत नाही, आणि ज्ञानावेगळे म्हटले तर त्याला आश्रयच उरत नाही, हा तेथील युक्तिवाद आहे. तो मिठाच्या मासोळीच्या दृष्टांतातून येतो: ती पाण्यात विरघळते आणि पाण्याबाहेर जगत नाही. येथे दृष्टांत सिद्धान्ताला जोडलेले अलंकरण नाही. द्विधा कोंडीचा तर्क त्या प्रतिमेच्या रचनेतच आहे. दोन ओठांतून एकच बोल, दोन डोळ्यांची एकच दृष्टी, या पहिल्या प्रकरणातील शिवशक्तिविषयक प्रतिमाही असेच कार्य करतात. द्वैताची भाषा वापरूनच द्वैत निरर्थक ठरवण्याची ही रीत आहे. जगाला सरळ मिथ्या ठरवणाऱ्या वाचनाला ती जुमानत नाही. त्या अर्थाने 'चिद्विलास' ही संज्ञा संहितेशी प्रामाणिक आहे. रचलेली परंपरा खोटीच असते असे मानणे म्हणूनच घाईचे होईल.

अडचण 'चिद्विलास' या पदापेक्षा 'वाद' या प्रत्ययाची आहे. सहाव्या प्रकरणात शब्दाचा प्रथम गौरव होतो. विसरलेल्याला आठवण देणारा, स्वतःचे रूप दाखवणारा आरसा म्हणून तो वाखाणला जातो. पुढे त्याचेच खंडन होते. जी अविद्या मुळात नाही तिचा नाश तो काय करणार, आणि स्वयंप्रकाश आत्म्याला तो काय दाखवणार? आठव्या प्रकरणात तर अज्ञानसापेक्ष ज्ञानही निकालात निघते. शब्द आणि ज्ञान दोन्ही मोडीत काढणाऱ्या ग्रंथाला एका प्रतिपाद्य मताच्या चौकटीत स्थिर करणे म्हणजे त्याची गती थांबवणे होय.

याचे परिणाम साहित्यसमीक्षेलाही भोगावे लागले. 'ज्ञानेश्वरी' काव्य आणि 'अमृतानुभव' तत्त्वज्ञान अशी कामाची वाटणी झाली. दर्शनाच्या अभ्यासकांनी 'अमृतानुभवा'तून सिद्धान्त उचलले आणि प्रतिमा बाजूला ठेवल्या. काव्याच्या अभ्यासकांनी हा ग्रंथ बराचसा त्यांच्या स्वाधीन केला. त्यामुळे मराठीतील युक्तिवादाची एक स्वतंत्र काव्यरीती, जी 'चांगदेव पासष्टी'च्या अवघ्या पासष्ट ओव्यांतही तितकीच जागी आहे, शास्त्रशुद्ध विवेचनापासून पुष्कळशी वंचित राहिली. 'चिद्विलासवाद' हे नाव टाकून देण्याचे कारण नाही. मात्र ते संहितेचे आत्मकथन नसून तिच्या एका विशिष्ट काळातील वाचनाचा निष्कर्ष आहे, एवढे ध्यानात ठेवले तर 'अमृतानुभवा'ची प्रतिमासृष्टी विचार म्हणून वाचण्याचे राहिलेले काम हाती घेता येईल.